वरातीमागून सरकारी घोडे

सर्वोच्च न्यायालयाने १२ सप्टेंबर २०२५ रोजी दिलेल्या एका निकालाकडे आमच्या सीमाभागातील नोकरदार वर्गाने अवश्य लक्ष द्यावे. कर्नाटक गृहनिर्माण मंडळाने उच्च न्यायालयात एक अपील दाखल केले होते. ते किती उशिरा? तब्बल ३,९६६ दिवस! म्हणजे दहा वर्षे आणि वर दहा महिने. एवढ्या अवधीत पहिलीत घातलेले पोर दहावी उत्तीर्ण होऊन शाळेबाहेर पडते. मंडळाला मात्र एक कागद एका कचेरीतून उचलून दुसऱ्या कचेरीत नेऊन ठेवण्यास तेवढा काळ लागला. उच्च न्यायालयाने हा विलंब उदार मनाने पोटात घातला होता. सर्वोच्च न्यायालयाने ती माफी रद्द ठरविली, आणि सरकारी सुस्तीवर पांघरूण घालण्याचे काम न्यायालयांचे नव्हे, असे बजावले.

हा दावा जमिनीचा होता, नोकरीचा नव्हता. परंतु त्यात जो रोग उघडा पडला, त्या रोगाने सर्वांत अधिक गांजलेला वर्ग कोणता असेल, तर तो सरकारी व निमसरकारी नोकरांचा होय. प्राथमिक शिक्षक, नगरपालिकेचा कारकून, आरोग्य खात्यातील परिचारिका, परिवहन मंडळाचा वाहक, रोजंदारीवर वीस-वीस वर्षे राबलेला मजूर, निवृत्तिवेतनाची वाट पाहणारा म्हातारा सैनिक, यांपैकी कोणी खात्याविरुद्ध दाद मागतो, पदरचे पैसे मोडून खटला जिंकतो आणि मग खऱ्या अर्थाने त्याच्या हालांना प्रारंभ होतो. निकालाची नक्कल घेऊन तो कचेरीत जातो. ‘अपिलाचा विचार चालू आहे’ असे त्यास सांगण्यात येते. अपिलाची मुदत टळते, तरी विचार चालूच असतो! शेवटी कंटाळून तो न्यायालयाच्या अवमानाचा अर्ज करतो. त्या अर्जाची नोटीस साहेबांच्या टेबलावर पडते, तोच आजवर झोपलेले खाते खडबडून जागे होते आणि पंधरवड्यात अपील व त्याच्या जोडीला विलंब माफीचा अर्ज असे जोडपे न्यायालयात हजर होते. जे काम पाचशे दिवसांत झाले नाही, ते पंधरा दिवसांत होते. तेव्हा अडचण वेळेची नव्हती, हे सिद्ध करण्यास आणखी कोणता पुरावा हवा?

मुदतीविषयीचा आपला कायदा १९६३ सालचा. तो १ जानेवारी १९६४ पासून अंमलात आला. त्यातील काही गोष्टी सामान्य वाचकासही ठाऊक असाव्यात अशा आहेत. मूळ दावा लावण्यासाठी खासगी माणसास बहुधा तीन वर्षांची, तर स्थावराच्या काही बाबतींत बारा वर्षांची मुदत आहे. सरकारला मात्र मूळ दाव्यासाठी तीस वर्षे दिलेली आहेत. १९०८ च्या जुन्या कायद्यात तर ती साठ वर्षे होती. सरकारचा व्याप मोठा, त्याचे हात अनेक, म्हणून ही सवलत आहे असे म्हणावे. परंतु अपिलाच्या बाबतीत त्याच कायद्याने सरकार आणि रयत यांत तिळमात्र भेद केलेला नाही. जिल्हा न्यायालयात तीस दिवस, उच्च न्यायालयात नव्वद दिवस, उच्च न्यायालयातील एका न्यायमूर्तींच्या निकालावर त्याच न्यायालयात अपील असेल तर तीस दिवस, आणि सर्वोच्च न्यायालयात विशेष परवानगीसाठी सर्वसाधारणपणे नव्वद दिवस. निकालाची नक्कल मिळण्यास जे दिवस लागतात, तेही यातून वजा होतात. जेथे सवलत द्यावयाची तेथे कायदेमंडळाने ती जाणूनबुजून दिली आणि जेथे द्यावयाची नव्हती तेथे दिली नाही, हे इतके स्पष्ट असता, सरकारने अपिलांच्या बाबतीत स्वतःसाठी वेगळा कायदा मनातल्या मनात करून घेतला आहे.

ही वाट सुरू कोठून झाली? कायद्याच्या पाचव्या कलमात ‘पुरेसे कारण’ दाखविल्यास विलंब माफ करण्याची मुभा आहे. १९८७ साली अनंतनागच्या भूसंपादनाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने या कलमाचा उदार अर्थ लावावा असे सांगितले. तांत्रिक मुद्द्यावर न्यायाचा बळी जाऊ नये, आणि सरकार पक्षकार आहे म्हणून त्यास सावत्रपणाने वागवू नये, असा त्या निकालाचा आशय. तत्त्व चांगलेच आहे. पण त्या प्रकरणात विलंब किती होता? अवघा चार दिवसांचा! चार दिवसांसाठी उघडलेल्या त्या दिंडी दरवाजातून पुढे सरकारने चारशे, सहाशे, हजार दिवसांच्या बैलगाड्या हाकल्या. अखेर २०१२ साली टपाल खात्याच्या एका अपिलात ४२७ दिवसांचा विलंब समोर आला, तेव्हा न्यायालयास सांगावे लागले की, फाईल या टेबलावरून त्या टेबलावर फिरत होती हे कारण आता पुरेसे मानता येणार नाही. संगणक आणि तारायंत्राच्याही पुढची साधने हाताशी असता असली सबब ऐकून घेण्यात अर्थ नाही, आणि मुदतीचा कायदा सरकारलाही लागू आहे.

एवढ्याने सरकार सुधारले असते, तर हा लेख लिहिण्याचे प्रयोजनच उरले नसते. २०२० च्या ऑक्टोबरात मध्य प्रदेश सरकार ६६३ दिवस उशिरा सर्वोच्च न्यायालयाच्या दारात उभे राहिले. त्या वेळी न्यायालयाने सरकारला २५,००० रुपयांचा दंडवजा खर्च ठोठावला, तो जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करावा असे फर्मावले, आणि या सगळ्या प्रकारामागील मर्मावर नेमके बोट ठेवले. न्यायालयाने असल्या अपिलांस ‘सर्टिफिकेट’ची प्रकरणे म्हटले. अर्थ असा की, ती जिंकण्यासाठी दाखल केलेलीच नसतात. ती फेटाळली जावीत, आणि फेटाळल्याचा सर्वोच्च न्यायालयाचा दाखला फाईलला लावून ‘आम्ही शेवटपर्यंत लढलो’ असे म्हणता यावे, एवढ्यासाठी ती असतात.

आमच्या मते सगळ्या दुखण्याचे मूळ येथे आहे, आणि ते आळसापेक्षा भयंकर आहे. समजा, एखाद्या अधिकाऱ्याने निकाल वाचला, तो न्याय्य आहे असे त्यास वाटले आणि त्याने शिक्षकाची थकबाकी चुकती केली. उद्या लेखापरीक्षक विचारणार, अपील का केले नाही? परवा वरिष्ठ विचारणार, यात तुमचा काही संबंध तर नव्हता ना? उलट त्याने फाईलवर ‘विधी खात्याचे मत घ्यावे’ असा शेरा मारून ती पुढे ढकलली, तर त्याला विचारणारे त्रिभुवनात कोणी नाही. विधी खाते ती वित्त खात्याकडे पाठविते, वित्त खाते काही शंका काढून परत पाठविते, सरकारी वकिलांचे मत मागविले जाते, ते आले की प्रतिज्ञापत्रावर सही करणारे साहेब बदलून गेलेले असतात. या प्रवासात प्रत्येक टेबलाने आपापला कागद सुरक्षित केलेला असतो. असुरक्षित असतो तो फक्त ज्याचे पैसे अडले आहेत तो. अपील करण्याबद्दल आजवर कोणा अधिकाऱ्याची वेतनवाढ रोखली गेल्याचे आमच्या ऐकिवात नाही. अपील न करण्याबद्दल मात्र प्रत्येकाच्या मनात धाक आहे. ज्या यंत्रणेत न्याय करणे धोक्याचे आणि न्याय लांबविणे सोयीचे, तेथे वरातीमागून घोडे येणारच.

नोकरीच्या वादात या विलंबाची किंमत जमिनीच्या वादापेक्षा अधिक का, तेही सांगितले पाहिजे. जमीन जागची हलत नाही. दहा वर्षांनी का होईना, ती तेथेच असते. माणसाची नोकरी ५८ किंवा ६० व्या वर्षी संपते. पदोन्नती ५५ व्या वर्षी मिळावयाची होती, ती ६३ व्या वर्षी कागदावर मिळाली, तर ती खुर्ची काही त्याला मिळत नाही. ज्येष्ठतेच्या यादीत त्याच्या खालचे दोघेचौघे त्याच्या डोक्यावरून साहेब होऊन निवृत्तही झालेले असतात. बडतर्फीचा हुकूम रद्द झाला तरी मधल्या काळात मुलीचे लग्न कर्जावर झालेले असते, मुलाचे शिक्षण अर्ध्यावर सुटलेले असते. कित्येकदा अपिलाच्या सुनावणीस मूळ नोकर हयातच नसतो. त्याची विधवा वारस म्हणून नाव लावून घेते आणि तारखांना हजर राहते. घोडे मरते ओझ्याने आणि शिंगरू मरते हेलपाट्याने, ही म्हण ज्याने केली त्याने निवृत्तिवेतनाचा दावा जवळून पाहिला असावा. आणि सरकारच्या बाजूने पाहू जाता, विलंबाचा तोटा सरकारला काय? वकील सरकारी, स्टॅम्प सरकारी, प्रवासभत्ता सरकारी. तिजोरीला मृत्यू नाही आणि तिला सेवानिवृत्तीचे वयही नाही.

जम्मू-काश्मीरमधील रोजंदारी कामगारांचे उदाहरण घ्या. त्यांच्या प्रकरणात तेथील उच्च न्यायालयाने २००७ साली हुकूम दिला होता. तो पाळण्याऐवजी खात्याने वर्षानुवर्षे टोलवाटोलवी केली, आणि २०२५ च्या मार्चमध्ये सर्वोच्च न्यायालयाने सरकारचा अर्ज फेटाळून २५,००० रुपये खर्च अधिकाऱ्यांवर बसविला. रोजावर पोट भरणाऱ्या माणसांविरुद्ध सरकारने सोळा-सतरा वर्षे दंड थोपटावेत आणि त्याची किंमत पंचवीस हजार रुपये असावी, यावर अधिक काय लिहावे!

आता याच मुदतीचा काटा नोकराच्या बाजूने कसा फिरतो तो पहा. १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्यानुसार सरकारी नोकराने खात्याच्या अंतिम हुकुमापासून एक वर्षाच्या आत न्यायाधिकरणाकडे गेले पाहिजे. खात्याकडे केलेल्या अपिलाला उत्तरच आले नाही, तर सहा महिने थांबावे आणि त्यापुढील वर्षात जावे. (‘सरकारी काम, सहा महिने थांब’ ही म्हण कायदेमंडळाने कलमात घालून अमर केली, याचे आम्हास कौतुक वाटते.) पण न्यायाधिकरणाने नोकराच्या बाजूने निर्णय दिला, तर सरकारने उच्च न्यायालयात किती दिवसांत जावे? १९९७ सालच्या सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाच्या निर्णयानंतर ही वाट रिट अर्जाची झाली आहे, आणि रिट अर्जास कायद्याने ठराविक दिवसांची मुदतच नाही. ‘वाजवी वेळ’ एवढेच मोघम माप आहे. म्हणजे दुबळ्या पक्षकाराच्या डोक्यावर दिनदर्शिका टांगलेली, आणि बलवान पक्षकाराच्या हाती रबरी फूटपट्टी!

मराठा लाइट इन्फंट्रीचे केंद्र आमच्या बेळगावात आहे. येथल्या खेड्याखेड्यांत माजी सैनिकांची घरे आहेत. त्यांच्यासाठी २००८ सालचा एक निकाल मुद्दाम सांगतो. अपंगत्वामुळे १९८३ साली सेनेतून बाहेर पडलेला एक जवान अपंगत्वाच्या निवृत्तिवेतनासाठी १९९९ साली उच्च न्यायालयात गेला. त्याचा हक्क मान्य झाला. परंतु सोळा वर्षांची थकबाकी द्यावी की नाही, हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला, आणि निवृत्तिवेतन दर महिन्याला चुकविले जात असल्याने हक्क जिवंत असला तरी थकबाकी अर्जापूर्वीच्या तीन वर्षांचीच मिळेल, असे ठरले. उरलेली सुमारे तेरा वर्षे गेली ती गेलीच. मुंबईच्या शिधावाटप खात्यातील सेवाज्येष्ठतेच्या वादातही तेच झाले. १९६८ च्या सरकारी ठरावाला १९७६ साली आव्हान दिले गेले. सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, आठ वर्षे उशीर झाला, इतरांचे बसलेले हक्क आता उठविता येणार नाहीत. या निकालांत तत्त्वतः चूक आहे असे आम्ही म्हणत नाही. शिळे वाद उकरून काढल्याने तिऱ्हाईतांचे नुकसान होते, हे खरेच आहे. आमचे म्हणणे एवढेच की, अपंग जवानाला जे माप लावले, तेच माप मंत्रालयाला आणि विधानसौधाला लावा.

सरकारच्या बाजूने जे बोलता येईल, तेही नजरेआड करू नये. सरकारचा पैसा हा अखेर जनतेचाच पैसा. एखाद्या खोट्या दाखल्यावर नोकरी मिळविणाऱ्याच्या बाजूने निकाल लागला आणि कचेरीतील कोणी हात ओले करून अपिलाची मुदत जाणूनबुजून घालविली, तर न्यायालयाने काय करावे? दार लावून घ्यावे? १९८८ साली बंगळूरच्या भूसंपादन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयासमोर सरकारी वकिलांच्याच वर्तनाचा प्रश्न आला होता, आणि सार्वजनिक हिताचा विचार करून न्यायालयाने सरकारला वाव दिला होता. अशी प्रकरणे असतात, आणि त्यांत विलंब माफ झाला तर आम्ही तक्रार करणार नाही. पण मग माफी मागणाऱ्याने कोणाच्या हातून मुदत टळली त्याचे नाव सांगावे, त्याच्यावर काय कारवाई केली ते सांगावे, आणि समोरच्या नोकरास झालेल्या त्रासाचा खर्च आधी त्याच्या हाती ठेवावा. हे काही न करता ‘विलंब हेतुपुरस्सर नव्हता’ एवढे छापील वाक्य लिहून सुटता येते, म्हणूनच खरी प्रकरणे आणि बनावट प्रकरणे एका गठ्ठ्यात बांधली जातात.

आणि आमच्या लोकांनाही दोन कडू शब्द सांगितल्यावाचून राहवत नाही. आपल्याकडे अर्जांवर अर्ज करण्याची फार जुनी हौस आहे. १ नोव्हेंबर १९५६ रोजी बेळगाव, विजापूर, धारवाड आणि कारवार हे जिल्हे मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेले, तेव्हा त्यांच्याबरोबर हजारो शिक्षक-कारकूनही एका रात्रीत दुसऱ्या राज्याचे नोकर झाले. राज्य पुनर्रचना कायद्याच्या ११५ व्या कलमाने त्यांच्या सेवाशर्ती केंद्राच्या पूर्वसंमतीवाचून बिघडवू नयेत असे अभिवचन दिले होते. तरीही पदांची बरोबरी आणि ज्येष्ठतेच्या याद्या यांवरून पुढे वर्षानुवर्षे वाद चालले, आणि त्या काळापासून विनंतीअर्जांची सवय या भागाच्या हाडीमाशी खिळली. पण न्यायालयाच्या दृष्टीने अर्जांना काडीची किंमत नाही. १९८२ साली कामावरून काढलेल्या एका नोकराने अठरा वर्षांनी अर्ज केला, त्याचा विचार करण्याचा हुकूमही मिळविला, आणि त्या आधारे पुन्हा न्यायालयात गेला. २००८ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, अर्ज केल्याने किंवा त्याला उत्तर मिळाल्याने मेलेली मुदत जिवंत होत नाही. हा निकाल प्रत्येक शिक्षक संघटनेने आपल्या कचेरीत टांगून ठेवावा.

दुसरी सवय कुंपणावर बसण्याची. एक सहकारी लढतो, बाकीचे नामानिराळे राहतात. तो जिंकला की ‘आम्हालाही तेच द्या’ म्हणून रांग लागते. सारख्या परिस्थितीतील नोकरांना सारखा लाभ द्यावा, हे तत्त्व न्यायालये मानतात. परंतु २०१४ साली उत्तर प्रदेशातील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने असेही स्पष्ट केले की, जे स्वस्थ बसून दुसऱ्याच्या निकालाची वाट पाहत होते, त्यांस तो लाभ हक्काने मागता येणार नाही. सरकारच्या सुस्तीवर टीका करावयाची, तर आपली सुस्ती प्रथम सोडली पाहिजे.

सरकारांकडून आमची मागणी मोठी नाही. नोकरीच्या वादात विरुद्ध निकाल लागला की अपील करावयाचे किंवा नाही, हे नक्कल मिळाल्यापासून तीस दिवसांत एका नावाच्या, एका हुद्द्याच्या अधिकाऱ्याने लेखी ठरवावे. न करण्याचे ठरल्यास त्या निर्णयाबद्दल त्यास पुढे छळू नये. मुदत टळल्यावर अपील करावयाचेच असेल, तर निकालाप्रमाणे होणारी रक्कम प्रथम न्यायालयात भरावी आणि मग माफीचा शब्द काढावा. पैसे भरावे लागले की निम्मी ‘सर्टिफिकेटे’ आपोआप अनावश्यक ठरतील, असे आमचे भाकीत आहे. अंतराची सबबही आता उरलेली नाही. उच्च न्यायालय धारवाडला २००८ पासून बसते, आणि पलीकडे कोल्हापुरात १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे फिरते पीठ सुरू झाले आहे. बेळगावहून सकाळच्या गाडीने निघालेला कारकून अपील दाखल करून दुपारी परत येऊन जेवू शकतो.

हे होईपर्यंत खटला जिंकलेल्या नोकराने काय करावे? निकालाच्या दुसऱ्याच दिवशी नकलेसाठी अर्ज करावा. ती नक्कल खात्यास पोच घेऊन द्यावी, म्हणजे निकाल माहीतच नव्हता, असे खात्यास म्हणता येणार नाही. अवमानाच्या अर्जास १९७१ च्या कायद्याने एक वर्षाचीच मुदत आहे. ‘विचार चालू आहे’ या गोड उत्तरावर विसंबून ती दवडू नये. दिवाणी हुकूमनामा असेल, तर मुदतबाह्य अपील ऐकावयाचे असे न्यायालयाने ठरविल्याखेरीज अंमलबजावणीस स्थगिती देता येत नाही, ही दिवाणी प्रक्रिया संहितेतील तरतूद आपल्या वकिलास आठवण करून द्यावी. आणि अपिलाच्या न्यायालयात कॅव्हेट जरूर दाखल करावे, म्हणजे पाठीमागे स्थगिती घेतली जाणार नाही. मात्र कॅव्हेटचे आयुष्य नव्वद दिवसांचे असते आणि सरकारचे अपील चारशेव्या दिवशी येते. तेव्हा एकदा दाखल करून निर्धास्त न राहता, दर तीन महिन्यांनी ते पुन्हा दाखल करण्याची तारीख घरातील दिनदर्शिकेवर आजच तांबड्या शाईने टिपून ठेवावी.